बेहेरेकाकांच्या चपलांचा लिलाव

सोसायटीच्या आवारात घसरगुंडी बसवायला परवानगी लागते का, हे विचारायला गोपाळकृष्ण बेहेरे नगरपालिकेच्या कचेरीत गेले तेव्हा त्यांच्या पायात बायकोच्या जांभळ्या सपाता होत्या. सपातांवर एकेक प्लास्टिकचं फूल होतं. एरवी हा मनुष्य कोपऱ्यावर कोथिंबीर आणायलासुद्धा शर्ट खोचून जाणारा. पोफळीच्या वीज प्रकल्पात अधीक्षक म्हणून निवृत्त झालेला, आणि कागद घेऊन येणाऱ्याच्या पोशाखावरूनच निम्मा निर्णय होतो असं हाताखालच्यांना जन्मभर ऐकवत आलेला. पण नेमक्या निघायच्या वेळी दाराबाहेर चपला नव्हत्या. त्या आठवड्यात असं आधीही झालं होतं, आणि संध्याकाळी त्याच चपला वरच्या मजल्यावर नम्रता पालकरच्या दारात सापडल्या होत्या. त्यावर हेमाकाकूंनी ब्राह्मीची बाटली आणून काकांच्या ताटाशेजारी ठेवली.

घसरगुंडीचं कारण म्हणजे अवनी. काकांची नात, मुक्काम ठाणे, चौथीची परीक्षा झालेली. मे महिना आजोळी नव्हे, आजोबांकडे घालवायला म्हणून मुलाने तिला रत्नागिरीला आणून सोडलं होतं. काकांनी तिला दीपगृह दाखवलं, भाट्याची पुळण दाखवली, माजघरात गवतात लावलेले आंबे दाखवले. प्रत्येक वेळी ती "छान आहे" म्हणाली. पण पाहुण्याने आपल्याकडचा उपमा खाऊन म्हणावं तसं. मग एके दुपारी काका आंबे चाळत होते आणि पलीकडच्या खोलीतून फोनवरचं बोलणं त्यांच्या कानावर आलं.

"आई, मला न्यायला ये ना. इथे खेळायला काहीच नाहीये."

तिकडून सूनबाई काय म्हणाली तेही कळलं, कारण अवनीने ते रडक्या आवाजात पुन्हा म्हणून दाखवलं. बाबा पंधरवड्याने आंबे न्यायला येणार, तोवर करमलं तर राहा, नाहीतर त्याच्याबरोबर परत ये.

काकांच्या हातातला आंबा हातातच राहिला. इथे काहीच नाही? मुलगा पोफळीच्या कॉलनीत वाढला, तिथे बाग होती, झोपाळे होते, एक उंच घसरगुंडी होती आणि तिच्यावरून पोरगा संध्याकाळी ओढून घरी आणावा लागायचा. काकांना ते सगळं आठवलं आणि फार वाईट वाटलं. नात पंधरवड्याने आंब्याच्या पेट्यांबरोबर गाडीत बसून निघून जाणार, आणि पुढच्या वर्षी "आजोबांकडे नको" म्हणणार, हे त्यांना स्पष्ट दिसलं. आंबा खाली ठेवून ते म्हणाले, "हेमा, घसरगुंडी बसवायची."

"कुठे? माजघरात?" हेमाकाकूंनी विचारलं.

सोसायटीत कुठलंही काम काढलं की ते आधी आप्पा शेट्यांच्या घरावरून जातं. आप्पा तळमजल्यावर राहतात, अध्यक्ष आहेत, आणि सल्ला देताना समोरच्याला बसायला सांगत नाहीत, म्हणजे तो लवकर पटतो.

"काय वो बेहेरे, कशाला नको तो खटाटोप करताव?" आप्पा म्हणाले. "पोर पडलं, हात मोडला, की पोलीस तुमच्या दारात. त्यापेक्षा बाकडं टाका. बाकड्यावरनं कोण पडत नाय."

"मुलं बाकड्यावर काय खेळणार?"

"बसतील. बसायला काय होतंय त्यांना?"

सोसायटीच्या सभेत नम्रता पालकरला घसरगुंडी हवी होती, पण खाली रबरी लादी असेल तरच, कारण तिचा वेद सहा वर्षांचा होता आणि पडण्यात तरबेज होता. तिसऱ्या मजल्याचं म्हणणं पडलं की त्या कोपऱ्यात ज्येष्ठांसाठी व्यायामाची यंत्रं बसवावीत. हे सुचवणाऱ्या ज्येष्ठांना जिना चढताना दोनदा थांबावं लागे. सभा संपता संपता एवढंच ठरलं की खर्च सोसायटीने करायचा नाही, आणि परवानगी लागते का ते बेहेऱ्यांनी पाहायचं. म्हणून ती जांभळ्या सपातांतली कचेरीवारी.

टेबलामागच्या गृहस्थांनी आधी काकांच्या पायांकडे पाहिलं आणि मग सावकाश वर चेहऱ्यापर्यंत आले.

"घसरगुंडी बसवायची आहे," काका म्हणाले.

"तुम्हाला?"

"सोसायटीतल्या मुलांना."

"बांधकाम की वस्तू?"

काकांना कळलं नाही. गृहस्थांनी पेन खाली ठेवलं. "जमिनीत रोवलीत तर बांधकाम. त्याला नकाशा लागेल, आणि नकाशात ती जागा गाड्यांची असेल तर आधी नकाशा बदलावा लागेल. नुसती ठेवलीत तर वस्तू. वस्तूला काही लागत नाही."

"पण नुसती ठेवली तर मूल बसल्यावर उलटेल ती."

"उलटली तर ती वस्तूच होती हे सिद्ध होईल," गृहस्थ म्हणाले, आणि पुन्हा एकदा त्यांनी सपातांवरची फुलं पाहिली.

आयुष्यभर सरकारी कागदांत वावरलेल्या माणसाला असं उत्तर मिळावं, आणि त्यातली अक्कल त्याला मान्य करावी लागावी, याचं दुःख फार वेगळं असतं. काका रिक्षाने घरी आले. चालत येण्याजोगं अंतर होतं, पण फुलं.

आता त्या चपला कुठे जात होत्या, हे लपवण्यात काही अर्थ नाही. काकांना ते बरेच दिवस कळलं नाही, पण आपण काही काका नाही.

फोनवर रडून झाल्यावर अवनी जिन्यात जाऊन बसली होती. दुपारची वेळ, सगळी बिल्डिंग झोपलेली. तेवढ्यात तिसऱ्या मजल्यावरून शमिका खाली आली. ही अवनीपेक्षा वर्षाने मोठी. तिच्या बाबांचा बंदरावर बर्फाचा धंदा, आणि सुट्टीत ती पहाटे त्यांच्याबरोबर गाडीतून मिरकरवाड्याला मासळीचा लिलाव बघायला जायची. तिच्या दोन्ही हातांत बाबांच्या लांबट चामडी सँडल होत्या, शेपटीकडून धरलेल्या.

"हे काय?" अवनीने विचारलं.

"सुरमई," शमिका म्हणाली. "घेतेस?"

तिथून सुरुवात झाली. जिना म्हणजे समुद्र. वेद म्हणजे होडी. तो तोंडाने इंजिनाचा आवाज काढत सगळे मजले फिरे आणि दारांबाहेरचा माल घमेल्यात भरून आणी. उंबऱ्याच्या आतल्या चपलांना हात लावायचा नाही, कारण ती परराज्याची हद्द. पाण्याच्या टाकीमागची जागा हे बंदर. तिथे माल उतरला की निवड होई. बायकांच्या चकचकीत चपट्या चपला पापलेट, रबरी सपाता बोंबील, पट्ट्यापट्ट्यांच्या सँडल म्हणजे खेकडे, तान्ह्या बाळाचे बूट मांदेली. मग लिलाव, चिंचोक्यांच्या मुठींवर. घेतलेला माल ज्याने त्याने आपल्या दारात नेऊन ठेवायचा, की संध्याकाळी मोठ्यांनी आपापला ओळखून न्यायचा. शमिकाच्या मते लिलाव पुकारायला आवाज हवा आणि लाज नको. शमिकाला बंदर माहीत होतं, पण आवाज नव्हता. तो अवनीकडे निघाला. ठाण्याच्या फ्लॅटमध्ये तो इतकी वर्षं कुठे ठेवला होता कोण जाणे.

मोठ्यांनी याची आपापल्या परीने उत्तरं शोधली. आप्पांनी वानरांवर आळ घेतला. नम्रताने कुत्र्याला दोष दिला, पण मग तिला आपल्या फ्रीजरमध्ये एक मांदेली सापडली आणि कुत्रा फ्रीज उघडत नाही एवढं तिला मान्य करावं लागलं. बेहेरेकाकांनी ब्राह्मी घ्यायला सुरुवात केली. अवनी फोनवर आता घाईघाईने "हो, बरी आहे, ठेवते" एवढंच म्हणते, दुपारी घरात नसते आणि जेवताना तिचा घसा बसलेला असतो, यातलं काहीही काकांच्या लक्षात आलं नाही. ते तिच्यासाठीच इतके गुंतले होते की तिच्याकडे बघायला त्यांना सवड नव्हती.

खर्चाचा प्रश्न नागवेकरसाहेबांनी सोडवला. हे एका पतसंस्थेचे अध्यक्ष. घसरगुंडी संस्थेतर्फे देतो म्हणाले, फक्त तिच्यावर संस्थेचं नाव हवं. नाव इतकं लांबलचक होतं की ते वरच्या टोकाला सुरू होऊन खालच्या टोकाला "मर्यादित"वर संपत होतं. घसरणाऱ्या मुलाला पूर्ण वाचायला मिळालं असतं.

राहिला रोवण्याचा प्रश्न. काकांनी बांधकाम आणि वस्तू यांच्या मधला मार्ग काढला: थोडीशीच रोवायची. पण अंगण सगळं जांभ्याचं. गड्याने पहार मारली, पहार टणकन वर आली. मग दगड फोडायचं यंत्र आणावं लागलं. त्याचा आवाज सुरू होताच नाचणे रोडवरची माणसं बघायला आली, आणि तेवढ्यात कातळाऐवजी पाण्याची पाइपलाइन फुटली. सोसायटीला दोन दिवस पाणी नाही. बायका बादल्या घेऊन जाता-येता काकांना "घसरगुंडी कधी होतेय?" असं गोड आवाजात विचारत. कुणी शिवी दिली असती तर ती सोसली असती, असं काका हेमाकाकूंना म्हणाले.

अखेर पत्र्याची घसरगुंडी उभी राहिली, नाव रंगवलेलं, तोंड पश्चिमेला. मे महिन्यातला रत्नागिरीचा पश्चिमेचा सूर्य हिशेबात धरायचा राहून गेला होता. "बघूया तरी," म्हणत आप्पा दुपारी वर चढून बसले आणि "मर्यादित"पर्यंत पोचेतो त्यांनी एकही सल्ला दिला नाही. त्यानंतर काही दिवस ते सगळी बोलणी उभ्याने करत. काकांनी घसरगुंडीवर ओलं गोणपाट घातलं आणि उद्घाटनाची तारीख ठरवली: मुलगा यायच्या आदला दिवस. सूर्य कलल्यावर कार्यक्रम ठेवावा असं त्यांच्या मनात होतं, पण नागवेकरसाहेबांना संध्याकाळी दुसरीकडे नारळ फोडायचा होता. म्हणून चार वाजता.

साहेब आले ते संस्थेच्या सगळ्या संचालकांना घेऊन. आधी बेहेऱ्यांकडे पहिल्या मजल्यावर कोकम सरबत आणि आंबावडी, मग फीत कापणं. साहेबांनी कोरे करकरीत पांढरे बूट घातले होते. ते त्यांनी दाराबाहेर काढले, शेजारी संचालकांनी आपापली पायताणं काढली, आप्पांनी काढली, नम्रताने काढली. चौकटीबाहेर पाऊल ठेवायला जागा राहिली नाही.

मुलांना नवे कपडे घालून घसरगुंडीपाशी रांगेत उभं राहायला सांगितलं होतं, आणि ती उभीही होती. पण वेद पाणी प्यायला म्हणून वर गेला आणि ते दृश्य पाहून धावत खाली आला. त्याच्या तोंडून इंजिनाचा आवाजसुद्धा निघेना. "जाळं," तो म्हणाला, "जाळं फाटेल एवढं आलंय." असा हंगाम डोळ्यांसमोर असताना फितीजवळ उभं राहणं कुणाला जमलं असतं?

वर भाषणं झाली. काकांनी आभार मानले, "आजच्या मुलांना खेळायचं कसं हेच माहीत नाही" असं एक वाक्य खास लिहून आणलं होतं तेही म्हटलं. टाळ्या पडल्या. मंडळी उठली, दार उघडलं, आणि बाहेर स्वच्छ पुसल्यासारखी फरशी.

प्रत्येकाने आधी खाली पाहिलं, मग काकांकडे. काकांनी हेमाकाकूंकडे पाहिलं. त्यांना वाटलं, आता ब्राह्मी दुप्पट होणार.

"असू दे, असू दे," साहेब म्हणाले. "अनवाणीच कापू फीत." हे पुढारीपणाला शोभेलसं वाक्य आवारात पहिलं पाऊल टाकेपर्यंत टिकलं. नंतर सगळं संचालक मंडळ टाचा उचलत, सावली शोधत, एकमेकांना धरत चाललं. सावली होती फक्त पाण्याच्या टाकीमागे. आणि तिकडूनच आवाज येत होता.

"बोला! बोला! ताजी सुरमई, आत्ताच बंदराला लागलीय! बघून घ्या, नंतर तक्रार चालायची नाही!"

काकांनी आवाज आधी ओळखला नाही. मग ओळखला. ही अवनी? घरात "वरण वाढू?" विचारलं तर मान हलवणारी?

ती उलट्या बादलीवर उभी होती. शमिकाने साहेबांचा बूट वर धरून त्याची जीभ उचलून दाखवली. आतलं अस्तर लाल होतं. "कल्ले बघा कसे लाल आहेत!" अवनी ओरडली. थर्माकोलच्या खोक्यात, नम्रताच्या फ्रीजमधल्या सगळ्या बर्फावर, संचालक मंडळ ओळीने मांडलं होतं.

मोठी माणसं दिसताच सगळं थिजलं. वेद म्हणाला, "मी फक्त होडी आहे."

नागवेकरसाहेब पुढे झाले. चेहरा कठोर. "दुसरा बूट कुठाय?"

"विकला," शमिका हळूच म्हणाली.

"कितीला?"

"एक मूठ चिंचोके."

"कुणाची मूठ?"

वेदने आपली मूठ दाखवली. साहेब तिच्याकडे बघत राहिले. त्यांना राग आला होता, पण तो आता दुसऱ्याच गोष्टीचा होता. "एवढीशी? अगं, कोरे बूट आहेत ते! आणि या सबनिसांच्या झिजलेल्या सँडल?"

"ते खेकडे आहेत. खेकड्यांना मागणी आहे. दोन मुठी."

संचालक सबनीस उगाच खाकरले आणि ताठ उभे राहिले. मग ज्याला त्याला आपला भाव जाणून घ्यायची घाई झाली. नम्रता पापलेट निघाली आणि लाजली. आप्पा गर्दीतून पुढे आले. "आमचा काय लागला गो?"

"हलवा. तीन मुठी, आप्पा."

"बघा!" आप्पा सगळ्यांकडे वळून म्हणाले. वानरांचा विषय त्यांनी पुन्हा कधीही काढला नाही.

बेहेरेकाका मागे उभे होते. विचारायचं नाही असं त्यांनी ठरवलं होतं. हा पोरखेळ, आपण निवृत्त अधीक्षक. "आणि माझ्या?" ते म्हणाले.

मुली एकमेकींकडे बघू लागल्या. काकांना आपल्या चपला दिसल्या. त्या बर्फावर नव्हत्या. टाकीच्या पाइपला सुतळीने बांधून उन्हात लटकवल्या होत्या.

"काका, तुमची सुकी आहे," शमिका म्हणाली. "सुकं ताज्याबरोबर लावत नाहीत."

"आम्ही लावून बघितली," वेदने मायेने सांगितलं. "कोणी घेतच नाही."

काका सात पिढ्यांचे शाकाहारी. पण रत्नागिरीत राहून सुकी मासळी म्हणजे काय हे समजायला ती खावी लागत नाही, वारा पुरतो. परवानगीसाठी केलेली पायपीट, फुटलेला पाइप, बादल्यांमागचे ते गोड प्रश्न, सगळ्यावर शेवटी हा शिक्का बसला.

नागवेकरसाहेबांनी बूट चढवले. आतून बर्फाचं पाणी पचकन बाहेर आलं. फीत तशीच राहिली. "संस्था विचार करेल," एवढंच म्हणून ते पचक पचक करत गाडीकडे गेले, आणि मागोमाग खेकड्यांसह मंडळ. आप्पा काकांना काही बोलणार, तेवढ्यात अवनी बादलीवरून उतरली. तिचे डोळे भरले होते.

"आजोबा, मला बाबाबरोबर पाठवू नका."

"तूच तर म्हणालीस, इथे खेळायला काही नाही."

"तेव्हा नव्हतं."

काकांनी तिच्याकडे पाहिलं, घसरगुंडीकडे पाहिलं, आणि आपण किती मूर्ख आणि किती सुखी आहोत हे त्यांना एकाच वेळी कळलं. त्यांनी खोचलेल्या शर्टानिशी तिथेच टाकीला टेकून बसकण मारली.

"शमिका," ते अधिकृत आवाजात म्हणाले, "सुक्याचा लिलाव कधी असतो?"

"पावसाळ्यात. जूनमध्ये होड्या वर काढतात. ताजं बंद. मग सुक्यालाच भाव."

"म्हणजे थांबायला हवं."

"थांबाल तुम्ही?"

"बाळ, मी निवृत्त आहे," काका म्हणाले.

दुसऱ्या दिवशी मुलगा आला आणि आंब्याच्या पेट्या घेऊन एकटाच परत गेला. फीत वेदने तोडली. घसरगुंडीचा उपयोग होडीतला माल धक्क्यावर उतरवायला उत्तम होतो असं ठरलं. चपला पत्र्यावरून सुटल्या की पतसंस्थेचं सगळं नाव वाचत खाली येत.

जून उजाडला तशी शमिकाने मासेमारीवर बंदी पुकारली. दारांबाहेरच्या चपलांना हात लावणं बंद. अवनीची शाळा सुरू होणार होती, दुसऱ्या दिवशी तिला निघायचं होतं. त्या दुपारी टाकीमागे फक्त एकच माल होता, इतके दिवस उन्हात वाळलेला. सगळी बिल्डिंग जमली होती. आप्पांनी चिंचोक्यांची पिशवीच आणली आणि भाव चढवत नेला. काकांनी स्वतःच्याच चपलांवर बोली लावली, तेव्हा हेमाकाकूंनी "घरातलं घरात चालायचं नाही" म्हणून हरकत घेतली. शेवटी अवनीने महिन्याभरात कमावलेले सगळे चिंचोके ओतले, वर लिलावाची बादलीही दिली. आप्पांनी हात टेकले.

रात्री बॅग भरताना तिने एकच चप्पल वर्तमानपत्रात गुंडाळून तळाशी ठेवली.

"अगं, दुसरी?" काकांनी विचारलं.

"ती इथेच असू दे. दोन्ही नेल्या तर तुम्ही नवीन घ्याल. गणपतीत आले की जोडी लावू."

ती गेली. आता बेहेऱ्यांच्या दाराबाहेर एकच वाळकी चप्पल असते, आणि काका कोपऱ्यावर कोथिंबीर आणायला जातात ते शर्ट नीट खोचून, जांभळ्या सपाता घालून. आप्पा एकदा म्हणाले, "काय वो बेहेरे, फुलंबिलं! नवीन घ्या की चपला."

"कशाला?" काका म्हणाले. "तुमच्या हलव्याला तीन मुठी आल्या होत्या ना? आमच्या बादलीसकट गेल्या."